तिसऱ्या रांगेतलं हसू

आमच्या वरच्या मजल्यावर शिवणकाम करणाऱ्या ताईंकडे माझं पहिल्यांदा लक्ष गेलं ते एका शोकसभेत. वक्ते दिवंगतांना बाजूला ठेवून वीस मिनिटं स्वतःबद्दलच बोलले आणि शेवटी गहिवरून म्हणाले, "असा माणूस पुन्हा होणे नाही!" ताई फिस्सकन हसल्या. मग सगळी सभा हसली. दिवंगतांच्या पत्नीसुद्धा.

या हसण्यानंच त्यांना दुसरं काम मिळवून दिलं. टीव्हीवर पुढाऱ्यांची टर उडवणारा एक साप्ताहिक कार्यक्रम होता. समोर बसवलेले प्रेक्षक मोठे सावध. नक्कल सुरू झाली की आधी शेजाऱ्याच्या तोंडाकडे बघायचे. म्हणून ताईंना तिसऱ्या रांगेत बसवत. त्या हसल्या की बाकीच्यांना धीर येई.

पुढे त्यांचा धाकटा भाऊ नगरसेवक झाला आणि एकाच पुलाचं तीनदा उद्घाटन करून बसला. चित्रीकरणाच्या आदल्या दिवशी तो घरी आला. मी तिथेच बाहीचं माप देत होतो.

"ताई, उद्या माझी पाळी आहे. तू हसलीस, तर मी या घराची पायरी चढणार नाही."

"अरे, हसणं माझं कामच आहे."

"मग दाढ दुखतेय म्हण!"

भाऊ एकुलता एक.  दुसऱ्या दिवशी चित्रीकरणाला सोबत म्हणून त्यांनी मला नेलं.

नट भावासारखाच पोट पुढे काढून आला. ताईंनी रुमालाचा बोळा तोंडात कोंबला. सगळे चिडीचूप. नटाला घाम फुटला. "पूल मी जनतेसाठीच बांधला," म्हणत त्यानं भावाच्या लकबीप्रमाणे कान ओढला.

ताईंनी बोळा काढला. "अहो, उजवा नव्हे, डावा! खोटं बोलताना तो डावा ओढतो. लहानपणापासून!"

लोकांची हसून मुरकुंडी वळली.

"सर, मी हसले नाही हं," ताई रडवेल्या होऊन मला म्हणाल्या. "तुम्ही साक्षीला आहात."

तीन महिने भाऊ फिरकला नाही. तिकडे सभागृहात त्याचा हात वर गेला रे गेला की विरोधक ओरडत, "डावा!" शेवटी एक दिवस तो काखेत कापड मारून दारात उभा राहिला.

"हात कुठे ठेवू, तेवढं सांग."

"खिशात ठेव," ताई म्हणाल्या आणि टेप शोधू लागल्या.

भावाचे कोट आजही ताईच शिवतात. त्या कोटांचे खिसे इतरांच्या कोटांपेक्षा चार बोटं खोल असतात.