तो भिंत

कॅनडात, मार्कहॅमच्या आमच्या बिल्डिंगमध्ये नव्वदी ओलांडलेले एक आजोबा राहतात. तरुणपणी त्यांनी जुन्या कन्नड सिनेमांतल्या गाण्यांना चाली दिल्या आणि त्याच सिनेमांसाठी महाल नि देवळांचे सेटही उभे केले. धारवाडकडचे असल्यामुळे मराठी बोलतात, पण ‘तो भिंत’, ‘ती पडदा’ असं. माझ्या मुलीचं मराठी मी दिवसभर सुधारत असतो. आजोबांचं कोण सुधारणार?

नव्या जागेत शिरले की ते आधी एक टाळी वाजवतात आणि मान तिरकी करून ऐकतात. लिफ्टसुद्धा सुटलेली नाही.

मराठी मंडळाच्या संक्रांतीच्या कार्यक्रमाला आम्ही शाळेच्या जिममध्ये, म्हणजे खेळायच्या मोठ्या हॉलमध्ये, प्लायवुडचा किल्ला उभारला होता. तालमीत मुलांचं गाणं इतकं घुमलं की एक शब्द कळेना. आम्ही माइक बदलत बसलो. तालीम बघायला आलेल्या आजोबांनी किल्ल्यासमोर टाळी वाजवली.

“तो भिंत ओरडतो. त्याला कोट घाला की,” ते म्हणाले. “आमचं स्टुडिओ पत्र्याचं होतं. आम्ही गोणपाट लावत होतो.”

मग सगळ्यांची विंटर जॅकेट्स किल्ल्यामागे टांगली. जाड कुठे, पातळ कुठे, हे आजोबांनी टाळ्या वाजवत ठरवलं. कार्यक्रमात गाण्याचा शब्दन्‌शब्द शेवटच्या रांगेपर्यंत पोचला. “आजोबा आमच्याच मजल्यावर राहतात,” शेजारच्या माणसाने न विचारताच मी त्याला सांगितलं.

गाडीत बसल्यावर मुलगी म्हणाली, “बाबा, तो भिंत वॉज सो गुड.”

“हो ना,” मी म्हणालो, “छानच होता तो.”