माझ्या नवमीचं जेवण

इंदूरच्या सरवटे बस स्टँडवर सासऱ्यांनी माझी पिशवी जमिनीवर ठेवली, दोन पावलं मागे सरले आणि म्हणाले, "घ्या." हाताला हात लागू नये म्हणून ही तजवीज. लग्न झाल्यापासून मला 'अगं सूनबाई' म्हणणारा माणूस त्या दुपारी पहिल्यांदा अहो-जाहो करत होता. पिशवीत दोन साड्या, रक्ताच्या रिपोर्टची फाईल आणि माझं ताट-वाटी-भांडं. ते सासूबाईंनी भरलेलं. "तुझंच आहे, इथे कोण वापरणार आता," असं त्या दारातून म्हणाल्या होत्या. रेवा तेव्हा शाळेत होती. सकाळी मी तिच्या वेण्या घातल्या, मामाकडे जाऊन येते म्हणाले. ती सहा वर्षांची होती आणि मी खोटं बोलतेय हे तिला कळलं नाही.

छत्रीबागेतल्या माझ्या शेजाऱ्यांनो, हे तुमच्यासाठी लिहिते आहे. आणि माझ्यासारख्या ज्या बायकांना अशाच एखाद्या बसमध्ये बसवून दिलं गेलं, त्यांच्यासाठीही. तुम्ही सगळे समजत होतात की मी पुण्याला माहेरी गेले आणि तिथे काविळीने वारले. तुमची फसवणूक झाली. पण त्या फसवणुकीला माझी संमती होती, हे मला आधी सांगून टाकायचं आहे.

माझा नवरा प्रकाश कपड्याच्या मिलमध्ये मागावर होता आणि सासरे त्याच मिलच्या ऑफिसात कारकून. मिल बंद पडली तेव्हा सासऱ्यांची नोकरी संपतच आली होती, प्रकाशची नुकती कुठे सुरू झाली होती. दोन वर्षं तो बंद गेटसमोर जाऊन बसायचा. मग ट्रक चालवायला शिकला आणि सांवेर रोडच्या कारखान्यांचा माल मुंबईला नेऊ लागला. वाटेत मानपूरच्या ढाब्यांवर गाड्या थांबत. आजार त्याने तिथून आणला की आणखी कुठून, मी विचारलं नाही. तो आला, आणि माझ्या अंगात येऊन बसला, एवढं मला पुरे होतं. रेवाची तपासणी केली तेव्हा डॉक्टर हसून म्हणाले, "बच्ची बिलकुल ठीक है." त्या दिवसानंतर मी देवाकडे काही मागितलेलं नाही.

प्रकाशला घरात ठेवलं. समोरची खोली, नवी गादी, मोसंबीचा रस. त्याची आई रात्रंदिवस उशाशी. मला मात्र मागच्या मोरीजवळ झोपायला सांगितलं आणि माझे कपडे काठीने उचलू लागले. एकाच आजाराचे आम्ही दोघं. त्यातला ज्याने आणला तो पेशंट, आणि जिला दिला ती विटाळ. मी त्याला तेव्हा 'अहो' म्हणायचे. आता नावाने म्हणते, आणि त्यातही माझी थोडी मेहेरबानी आहे.

एके दिवशी सासरे स्वयंपाकघराच्या उंबऱ्याबाहेर स्टूल टाकून बसले. "देख सूनबाई," ते म्हणाले, "डॉक्टर तर साफ बोलले, साल दो साल. तू तर जाणारच आहेस. पण मुलीचं सोच. उद्या तिची शादी करायची, लोकं विचारतील, आई कशाने गेली. तू तिकडे जा. आम्ही सांगू, पीलिया झाला. रेवाला पण तेच सांगू. एकदाच रडेल, निपट जाईल." त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, हेही सांगते, कारण मला खोटं लिहायचं नाही. मी विचार केला, वर्ष-दोन वर्षांचाच प्रश्न आहे. मरणारच आहे, तर मुलीच्या कामी तरी यावं. मी मान डोलावली. जिवंतपणी मेलेली व्हायला मी कबूल झाले, ते त्या 'साल दो साल'च्या हिशोबावर.

बस मानपूरवरून गेली तेव्हा ढाब्यांसमोर ट्रकची रांग लागली होती. ड्रायव्हर खाटांवर बसून चहा पीत होते. मी खिडकी लावून घेतली.

चार महिन्यांनी प्रकाश गेला. मला कोणी कळवलं नाही, पुढे कधीतरी उडत उडत कळलं. तेव्हा मी भावाचं घर सोडून पुण्यातल्याच एका धर्मादाय दवाखान्यात आयाचं काम करत होते. वहिनीने मला गॅलरीत झोपवलं, महिनाभर मी झोपले, आणि एका सकाळी तीच पिशवी उचलून निघाले. दवाखान्यातल्या सिस्टरने मला कोठीतली खोली दिली. तिथे मी कोणाचे कोणाचे बेडपॅन धुतले, आणि रोज वाट पाहिली. आज जाईन, उद्या जाईन. टीबी झाला, बरा झाला. वजन चौतीस किलोवर आलं. बरोबरच्या बायका एकेक करून गेल्या, मी काही जाईना. सात वर्षांनी सरकारने एचआयव्हीच्या फुकट गोळ्या सुरू केल्या, आणि वर्षभरात माझे गाल भरले. भूक लागू लागली. सिस्टरने मला या गोळ्या देणाऱ्या एआरटी सेंटरवर काउन्सेलर केलं. नव्या पेशंट बायकांशी बोलायचं, गोळी वेळेवर घ्या म्हणून बजावायचं, रक्तातली ताकद किती उरली ते सांगणारा सीडी फोरचा आकडा समजावायचा. हे शब्द मी चुलीजवळच्या शब्दांसारखे सहज बोलते आता.

त्या सेंटरवर एकदा इंग्लंडहून एक बाई पाहुण्या म्हणून आल्या. माझ्याच वयाच्या, नर्सचं काम करणाऱ्या, त्यांनाही नवऱ्याकडूनच आजार आलेला. त्यांनी पर्समधून मुलाचा फोटो काढून दाखवला, शाळेच्या गणवेशातला, मागे त्यांचं घर. मी सेंटरच्या डॉक्टरीणबाईंकडून इंग्रजीत त्यांना एकच विचारलं, गोळ्या कधीपासून घेता? त्यांनी साल सांगितलं. ते मला सासऱ्यांनी बसमध्ये बसवलं ते साल होतं.

मी उठून बाहेर गेले आणि हँडपंपाखाली डोकं धरलं. त्या बाईचा राग नव्हता मला. त्या चांगल्या होत्या, जाताना त्यांनी मला मिठी मारली, आणि कितीतरी वर्षांत मला कोणी मिठी मारलेली नव्हती. पण माझ्या डोक्यात एकच घण पडत होता. गोळी होती. मी स्वयंपाकघरात मान डोलावली त्या दिवशी गोळी जगात होती. त्या बाईला तिच्या डॉक्टरने सांगितलं, गोळी घे आणि मुलाला शाळेत सोड. मला माझ्या डॉक्टरने सांगितलं, साल दो साल. कोणीतरी कुठेतरी बसून त्या गोळीची किंमत अशी ठरवली होती, की छत्रीबागेतल्या बाईने ती मागायची हिंमतही करू नये. मला त्यांच्याही दारात जाऊन उभं राहायचं होतं. पण त्यांचं दार कुठे आहे ते मला माहीत नव्हतं. सासऱ्यांचं माहीत होतं.

तरीही मी गेले नाही. शब्द दिला होता, रेवाचं लग्न व्हायचं होतं, अशी मी स्वतःची समजूत घालत राहिले. मग एका जानेवारीत भाजी मंडईत एक बाई मला पाहून किंचाळली. तिच्या हातातले मटार रस्त्यावर सांडले. आमच्या गल्लीतल्या शारदाकाकू, मुलाकडे आल्या होत्या. "अगं सुमन! तू तर... अरे देवा, मी बारा साल तुझ्या नवमीचं जेवले गं!"

ज्यांना ठाऊक नाही त्यांना सांगते. नवऱ्याच्या आधी जी बाई जाते, तिच्यासाठी पितृपक्षात अविधवा नवमी करतात. तिच्या नावाने एका सवाष्णीला बोलावतात, तिचे पाय धुतात, ओटी भरतात, पोटभर जेवू घालतात. मी प्रकाशच्या आधी 'वारले' होते, म्हणून मला ती लागू झाली. पुढे नवराही गेला की बऱ्याच घरांत ही नवमी बंद करतात. आमच्याकडे बंद केली असती तर गल्ली मला दोन वर्षांत विसरली असती. पण सासूबाईंना त्या खोट्याची गोडी लागली होती. सून अहेवपणी गेली, भाग्याची होती, माझ्या प्रकाशने तिच्या मागे अन्न सोडलं, असं त्या दरवर्षी त्या दिवशी बायकांना सांगत. शारदाकाकू सांगत होत्या आणि मी मटार वेचत होते. वेचता वेचता माझं ठरलं.

"काकू," मी म्हटलं, "यंदा तुम्ही जाऊ नका. तुमच्या ओळखीची एक सवाष्ण पाठवते म्हणा."

त्या घाबरल्या, रडल्या, आणि शेवटी म्हणाल्या, "मेरा नाम मत लेना बस."

आठ महिने मी तयारी केली. दोन किलो वजन आणखी वाढवलं. मला त्या दारात हडकुळी जायचं नव्हतं. अंजिरी रंगाची रेशमी साडी घेतली, हिरव्या बांगड्या भरल्या. विधवेने हे करू नये म्हणतात. मी तर मेलेलीही होते, मला कसली बंदी? इंदूरला उतरले, आंघोळ केली, कपाळावर रुपयाएवढं कुंकू लावलं आणि भर दुपारी छत्रीबागेत शिरले.

सासूबाईंच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला होता. "या, या, शारदाने पाठवलं ना?" म्हणत त्यांनी मला पाटावर बसवलं. परात आणली. खाली वाकल्या आणि माझे पाय धुतले. दूध घातलं, पाणी घातलं, आपल्या पदराने पुसले. माझे कपडे काठीने उचलणारे ते हात. मी पाय काढून घेतले नाहीत. उलट हळूहळू पुढे केले, एक, मग दुसरा. मला बरं वाटलं, आणि त्याची मला आजही लाज वाटत नाही. भिंतीवर माझा फोटो होता, लग्नातला, चंदनाच्या हारातला.

रेवा पान वाढायला आली. उंच झाली होती. गवार, कारलं, वडे, खीर. तिने भात वाढला तेव्हा सासरे आतून आले, मला पाहिलं, आणि दाराची चौकट धरून उभे राहिले.

"वाढ बाळ," मी म्हटलं. "माझंच आहे. सुमनच्या नावाचं."

सासूबाईंनी आवाज ओळखला. त्यांच्या हातातली खिरीची वाटी पडली. "जा गं बाई," त्या हात जोडून पुटपुटू लागल्या, "चली जा, मुलीसमोर नको." मी जेवले. घाई केली नाही. मला काय झालं होतं, कोणी दिलं, कोणी कुठल्या स्टुलावर बसून काय ठरवलं, सगळं घासाघासागणिक मोठ्याने सांगितलं. दार उघडं होतं, गल्लीला ऐकू जावं असंच सांगितलं. खीर पुन्हा मागून घेतली. सासूबाईंनी ती वाढली. तेरा वर्षं मी ज्याची भुकेली होते ते मला मिळालं, आणि ते गोड लागलं.

रेवा भिंतीला टेकून उभी होती. फोटोकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. मग तिने विचारलं, "शारदाकाकू तुम्हाला कधी भेटल्या?"

"जानेवारीत."

"मग जानेवारीतच का नाही आलात?"

सासऱ्यांसाठी माझ्याजवळ उत्तरं तयार होती, आठ महिने घोकलेली. तिच्यासाठी एकही नव्हतं. मी साडी घेत होते, वजन वाढवत होते, तिथीची वाट पाहत होते. आणि त्याच्या आधीची ती वर्षं, गोळी सुरू झाल्यावरची, तीही तिने मनातल्या मनात मोजली असणार. "मला वाटलं होतं मी मरणार," असं काहीतरी मी म्हणाले. "पण नाही मेलात ना," ती म्हणाली आणि आत निघून गेली. तिने मला अहो-जाहो केलं होतं. मी हात धुतले आणि निघाले. गल्लीत बायका उभ्या होत्या, त्या बाजूला सरल्या.

पुण्याला परत आल्यावर मी आजारी पडले. साधा ताप होता, पण मी गोळी दोन दिवस घेतली नाही. लोकांना बजावणारी मी. तिसऱ्या दिवशी घेतली, कारण मेले असते तर सासूबाईंचं खरं झालं असतं.

वर्षभर काही नाही. पुढच्या पितृपक्षात एक फोन आला. रेवाचा, नंबर शारदाकाकूंकडून घेतलेला. ती आता सांवेर रोडच्या एका कारखान्यात अकाउंट्सला होती आणि जवळच खोली घेऊन एकटी राहत होती. घर सोडलं का, हे मी विचारलं नाही, तिने सांगितलं नाही. म्हणाली, "आजीला यंदा नवमी करू दिली नाही. तुम्ही त्या दिवशी येऊ नका. दुसऱ्या कुठल्याही दिवशी जेवायला या."

मी बुधवारी गेले. तिथी कुठली होती ते पाहिलं नाही, सुती साडी नेसले. एका खोलीत गॅस, कॉट, खिडकीत वाळत घातलेली ओढणी. तिने तुरीच्या डाळीची आमटी आणि पोळ्या केल्या होत्या, एक पोळी करपलेली. तिने आधी स्वतःला वाढून घेतलं, मग मला वाढलं, आणि माझ्या आधीच जेवायला लागली. मी एक घास खाल्ला.

"मीठ कमी आहे," मी म्हटलं.

"घे मग वरून," ती म्हणाली. बरणी माझ्या हातात दिली, आणि आपण काय म्हणालो ते कळून खाली मान घालून जेवत राहिली.

मी कोणालाही माफ केलेलं नाही. सासू-सासरे, प्रकाश, ते किंमत ठरवणारे, कोणालाही नाही. करणारही नाही. छत्रीबागेतलं ते घर पडलं तरी मी पाहायला जाणार नाही. पण कोणी विचारलं की तुमचं घर कुठे, तर मी आता पुणं म्हणत नाही. सांवेर रोड म्हणते. तिथे मला पाटावर बसवत नाहीत, पाय धूत नाहीत. तिथे माझ्या पोरीच्या हाताला चव नाही, आणि मी ते तिला तोंडावर सांगू शकते.