रिबकाआत्याला बोलायला कोणी नाही

आज दारफाळणीचा सण. आम्हा बेने इस्राएल लोकांचा मोठा उपास, दारं लावून घ्यायचा दिवस. या दिवशी आपली मेलेली माणसं घरी येतात असं आमच्यात म्हणतात. भोवळ आली म्हणून मी प्रार्थना अर्धी टाकून दुपारीच घरी येते, अलिबागच्या आमच्या खोलीत आडवी होते. डोळा लागतोय न लागतोय तोच स्वयंपाकघरात कोणीतरी खाकरतं. घरात तर मी एकटीच आहे.

ओट्याशी रिबकाआत्या पाठमोरी उभी आहे. माझ्या बाबांची बहीण. आयुष्यभर मराठीत कथा लिहिल्या, म्हातारपणी मुलांमागे इस्राएलला गेली, तिथेच वारली. तिच्या कथांवर मी पीएच.डी. करतेय, त्यामुळे तिची वाक्यंच्या वाक्यं मला पाठ आहेत. तरी तिने वळू नये असं वाटतं. सरळच सांगते, मला भीती वाटतेय.

ती वळते. चेहरा तोच, फक्त ओठ भेगाळलेत.

"शुले, काय गं लिहिलंयस माझ्यावर? वाच बघू."

ओटा आता विद्यापीठातलं टेबल झालाय. समोर रिकाम्या खुर्च्यांच्या रांगा. मी वाचते. "अखेरीस लेखिका आपल्या भाषेत, आपल्या माणसांत परतली."

"परतली?" आत्या हसते. "आपली भाषा कुठली गं बाई? मला हिब्रूत धड भाजी आणता येत नव्हती."

"ते यहुदी अस्मितेच्या संदर्भात आहे, आत्या."

"चुलीत घाल ती अस्मिता. चल, दाखवते."

खुर्च्यांच्या जागी थडगी आहेत, तिकडची, इस्राएलची. वारा गरम, पायाखाली वाळू. ती बोट दाखवते. "ही मोरोक्कोची. तो रशियाचा. माणसं वाईट नाहीत, पण करमत नाही गं. मेल्यापासून कोणी 'काय रिबका, जेवलीस का' म्हणून विचारलं नाही."

मला फार वाईट वाटतं. मी तिला जवळ घ्यायला पुढे होते, आणि तिच्या थडग्याला लागून खणलेली जागा दिसते. रिकामी. माझ्याच मापाची.

"तुझ्यासाठी धरून ठेवलीय," आत्या मायेने म्हणते. "माझं बोलणं तुझ्याइतकं कोणाला कळतं?"

मेलेल्या माणसाला हो म्हणायचं नसतं, एवढं मला ठाऊक आहे. पण तिच्या तोंडावर नाहीही म्हणवत नाही. आता गोडीगुलाबीने इथून निघायचं, बस. लहानपणी घरातून निघताना 'जाते' म्हटलं की हीच आत्या गालावर चापट मारायची. ते वळण अजून गेलेलं नाही.

"बरं आत्या," मी म्हणते, "येते."

आत्याचा चेहरा उजळतो.

"ये. वाट बघते."

"जाते म्हणायचं होतं गं," मी ओरडते, आणि माझ्याच ओरडण्याने जागी होते. खोलीत कोणी नाही. घाम पुसत मी पाय खाली सोडते, तर तळव्यांना काहीतरी टोचतं. वाळू. अलिबागची काळी नव्हे. पिवळी, आणि अजून गरम.