आपल्या बोलीतला पहिला पिक्चर

"हे असंच राहू द्या, हे आपल्याले लागते," असं म्हणून तो समोरच्या वस्तूवर तळहात ठेवायचा. वस्तू कोणाची, हा प्रश्न त्याला पडत नसे. कोणाच्या घरचं पितळी घंगाळ, कोणाची बैलबंडी, कोणाच्या दारातलं सीताफळाचं झाड, सगळं त्याला पिक्चरसाठी लागायचं. एकदा तामसीच्या बसमध्ये त्याने एका म्हाताऱ्याच्या पागोट्यावर असाच हात ठेवला. म्हातारा घाबरून पुढच्याच फाट्याला उतरून गेला.

अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. लग्नात पंगत बसायच्या आधी ती बसलेली असतात आणि जेवण झाल्यावर यजमानालाच सांगतात की मीठ जरा कमी होतं. ताकाला जाऊन भांडं लपवणारे लोक असतात. हा भांडंही तुमचंच मागायचा.

तो आमच्या आदिलाबादचा प्रोड्युसर. आधी तो बोअर मारायच्या गाडीचा एजंट होता, मग पुढाऱ्यांच्या वाढदिवसाचे फ्लेक्स करू लागला. पुढाऱ्यांच्या गालावरचे डाग फ्लेक्सवर पुसता पुसता आपण कलावंत आहोत असं त्याला वाटायला लागलं असावं. मंडल ऑफिससाठी, म्हणजे आमच्या तहसिलीसाठी, त्याने स्वच्छतेवर दहा मिनिटांची फिल्म केली. त्यात कचरा टाकणारा तोच होता आणि उपदेश करणाराही तोच. त्यानंतर त्याच्या कार्डावर 'इंडिपेंडंट प्रोड्युसर' असं आलं.

"इंडिपेंडंट म्हणजे काय रे?" मी त्याला विचारलं होतं.

"कोनाचं ऐकाचं नाई मॅडम, त्याले इंडिपेंडंट म्हंतेत."

ही व्याख्या मात्र त्याने आयुष्यभर पाळली.

मी मराठी शाळेत शिकवते. माझ्याकडे तो आला तो संवाद तपासून घ्यायला. व्हरांड्यातल्या खुर्चीवर बसला, खुर्चीच्या हातावरही एकदा तळहात ठेवून पाहिला, आणि म्हणाला, "मॅडम, आपल्या बोलीतला पिक्चर काढून राह्यलो. आजपर्यंत कोनं काढला नाई."

एवढ्या एका वाक्यावर मी फसले, आणि मी एकटी नाही. आम्हा सीमेवरच्या लोकांचं कसं असतं ते इथल्याशिवाय कोणाला कळणार नाही. यवतमाळकडे लग्नाला गेलो की आम्ही तेलंगणाचे, आणि इथल्या ऑफिसात गेलो की महाराष्ट्रवाले. आमची बोली नाटकात आली तर ती गड्याच्या किंवा येड्याच्या तोंडी. आता ती पडद्यावर येणार, आई, बाप, पोरगी सगळे आमच्यासारखे बोलणार, म्हटल्यावर लोकांनी घरं उघडी केली. कापसाच्या व्यापाऱ्याने टेम्पो दिला. त्या बदल्यात त्याचा भाचा हिरो झाला. बैल दिसला की तो दोन पावलं मागे सरायचा, म्हणून सगळे शेतातले सीन बैलाला वगळून झाले.

जेवण रोज वेगळ्या घरून यायचं. वरण, भात, भाकरी, ठेचा. प्रोड्युसर प्रत्येक घरच्या बाईला "अगदी माझ्या मायच्या हातचं" असं सांगायचा. इतक्या माया असलेला माणूस मी दुसरा पाहिला नाही. त्याचे बूट पांढरे असत. एका दुपारी शेतात पिण्याच्या पाण्याचा शेवटचा कॅन आला, बाया पेले घेऊन उभ्या होत्या, आणि ह्याने आधी त्यातलं पाणी घेऊन बूट धुतले. बाया बघत राहिल्या. एकीने विचारलं तर म्हणाला, "हिरोच्या मागं उभा राह्यतो ना मी, फ्रेममंदी येतेत."

तेलुगू अधिकारी भेटला की तो म्हणायचा, "मन सिनिमा अन्ना," म्हणजे आपलाच सिनेमा, दादा. नागपूरला फोन लावला की पिक्चर मराठी व्हायचा. गुडीहत्नूरजवळच्या गोंड वस्तीत जाऊन त्याने त्यांनाही सांगितलं की हा तुमचाच पिक्चर आहे, फक्त ढोल आणि नाचणारे तेवढे द्या. प्रत्येकाला आपलं वाटावं असं त्याने काहीतरी दिलं होतं, आणि ते फुकट होतं.

पण एक गोष्ट त्याच्या पदरात टाकलीच पाहिजे. वच्छलाबाईंना पहिल्यांदा पाहिलं ते त्याने. आम्ही त्यांना रोज पाहत होतो, म्हणजे पाहत नव्हतो.

वच्छलाबाई आमच्या गल्लीच्या तोंडाशी भाजी घेऊन बसत. भाजी पिकवायचे त्यांचे यजमान गणपतराव आणि विकायच्या त्या. गणपतराव इतके अबोल की मेथीचा भाव विचारला तरी बायकोकडे बघायचे. बोलण्याचा सगळा भार वच्छलाबाईंनी उचललेला. त्यांचा आवाज जाड, थोडा फाटलेला, आणि गल्लीच्या दुसऱ्या टोकापर्यंत जाणारा. "पानं पाहा वो, भाव काय पाहता," असं त्या ओरडल्या की माझ्या घरात दूध उतू जाण्याआधी मी उठायचे, कारण त्यांची यायची आणि दूध वर यायची वेळ एकच असे.

प्रोड्युसर तिथे थांबला, खाली वाकला आणि भाजीच्या टोपलीवर तळहात ठेवून म्हणाला, "हे... नाई, टोपली नाई. तुमीच लागता आपल्याले."

"भाजी घ्याची असंन तं घे बाप्पा," वच्छलाबाई म्हणाल्या, "नाईतर हात उचल. पालक दबून राह्यली."

त्याने हात उचलला. त्याला कोणी हात उचलायला लावलेलं मी तेवढं एकदाच पाहिलं. दुसऱ्या दिवशी वच्छलाबाई हिरोइनची आई झाल्या होत्या.

त्यांचा मोठा सीन होता बांधावरचा. पिक्चरमधला नवरा दूर शेतात पाठमोरा उभा आहे, पोरीला बघायला पाहुणे आलेत, आणि ह्यांनी त्याला हाक मारून घरी बोलवायचं. मी सुधारून लिहिलेली हाक त्यांनी ऐकली आणि तोंड वाकडं केलं.

"असं कोन म्हंते बाई? घरच्या मान्साले असं बलावतेत का?"

"मग तुम्ही कशा बोलावता?"

"बलावून दाखोतो ना."

कॅमेरा सुरू झाला. वच्छलाबाईंनी पदर खोचला आणि शेतभर आवाज टाकला, "अवो, आइकलं का? घरी या, पाव्हने बसून हायेत!" पिक्चरमधल्या नवऱ्याने वळायचं होतं, तो गोंधळून उभाच राहिला. कॅमेऱ्याच्या मागे बसलेले गणपतराव मात्र "आलो" म्हणून उठले, धोतराची माती झटकली आणि सरळ बांधाकडे चालू लागले. पार मधोमध जाऊन उभे राहिले तेव्हा त्यांच्या लक्षात आलं. सगळे लोक पोट धरून हसले. वच्छलाबाईंनी पदराने तोंड झाकलं. एकटा प्रोड्युसर संतापला होता. "बाबाले बाहेर काढा रे," म्हणून ओरडला. पुन्हा शॉट घेतला तेव्हा गणपतरावांना टेम्पोत बसवून ठेवलं होतं.

ते दहा-बारा दिवस वच्छलाबाई फार सुखात होत्या. भाजी विकताना गिऱ्हाइकाला सांगायच्या, आता मले पडद्यावर पाहाल तं वळखाल का. पिक्चर कधी येणार म्हणून प्रोड्युसरला विचारत राहायच्या आणि तो "काम चालू हाये माय" म्हणत राहायचा. पुढच्या उन्हाळ्यात त्यांना ताप आला. दवाखान्यात नेलं, चार दिवसांनी तिथूनच त्यांना परत आणलं ते झाकून. पिक्चर तोवर आला नव्हता. मला फार वाईट वाटलं, आणि अजून वाटतं. गल्लीच्या तोंडाशी आता गणपतरावच बसू लागले. ते ओरडत नसत, त्यामुळे ते आलेत हे कोणाला कळत नसे आणि मेथी दुपारपर्यंत माना टाकायची.

एक दिवस ते शाळेच्या फाटकाशी उभे होते. मला वाटलं काही कागदाचं काम असेल.

"बाई," ते म्हणाले, "तिचा आवाज असंन का वो कुटं?"

मला आधी समजलंच नाही. मग त्यांनी अडखळत सांगितलं. पोरगी पांढरकवड्याला दिलेली, तिच्या मोबाईलमध्ये मायचे फोटो होते, पण बोलणं नव्हतं. पोरीच्या लग्नाच्या व्हिडिओत वच्छलाबाई होत्या, चांगल्या हातवारे करून बोलत होत्या, पण फोटोवाल्याने सगळ्यावर गाणी चढवलेली. "रोज कानात होता तं ध्यानच देलं नाई," ते म्हणाले. "आता याद कराले गेलं तं येत नाई. त्या पिच्चरमंदी असंन ना?"

मी म्हटलं, असेलच. त्यांच्यासमोरच प्रोड्युसरला फोन लावला.

"हो हो मॅडम, पिक्चरमंदी जिती हाये ते माय," तो म्हणाला. "मॉर्निंग शो लावून राह्यलो. बाबाले घेऊन या, समोर बसवतो."

शोच्या दिवशी टॉकीजच्या दारात वच्छलाबाईंचा फोटो हार घालून ठेवला होता. प्रोड्युसर झब्बा घालून आला, फोटोपुढे हात जोडले आणि रुमालाने डोळे पुसले. समोर मोबाईलवर हे टिपणारा पोरगा म्हणाला की रेकॉर्डिंग झालंच नाही. तेव्हा त्याने रुमालाची घडी केली, चार पावलं मागे गेला आणि पुन्हा येऊन पुन्हा रडला. दुसरं रडणं पहिल्यापेक्षा चांगलं झालं हे मलाही कबूल करावं लागेल.

गणपतराव धुतलेलं धोतर नेसून माझ्या शेजारी बसले होते. हात मांडीवर, पाठ खुर्चीला न टेकता. वच्छलाबाई पडद्यावर आल्या तेव्हा त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि लाजल्यासारखं हसले. मग बांध आला. वच्छलाबाईंनी पदर खोचला, तोंड उघडलं, आणि त्या तोंडातून एक गोड, बारीक, शहरातला आवाज आला, "अहो, ऐकलंत का? घरी या ना, पाहुणे आलेत."

गणपतरावांनी आधी मागे वळून पाहिलं. मग हळूच विचारलं, "बाई, हे कोन बोलून राह्यली?"

ते पुन्हा पडद्याकडे वळले.

"तिचा कवा येईन?"

तो आला नाही. सीन संपला, पुढचे सीनही झाले, हिरोइनचं लग्न झालं. गणपतराव नावं संपून दिवे लागेपर्यंत तसेच बसून होते. पडदा पांढरा झाला तरी त्यांना वाटत होतं की शेवटी तरी येईल.

प्रोड्युसर बाहेर अभिनंदन घेत होता. मी त्याला बाजूला ओढलं.

"वच्छलाबाईंचा आवाज कुठे आहे?"

"डब केला ना मॅडम. पुन्याची आर्टिस्ट हाये, एक नंबर. सगळ्यायचेच आवाज तिकडून करून आनले. आपली बोली पुन्याले कळत नाई."

"आपल्या बोलीतला पहिला पिक्चर म्हणून लोकांकडून घेतलंस ना सगळं?"

"फील तं आपलाच हाये ना."

मी म्हटलं, ते जाऊ दे. शूटिंगच्या वेळचा मूळ आवाज कुठे असेल तो दे. त्या माणसाला तेवढाच हवा आहे, खराब असला तरी चालेल.

"तो कायले ठेवतेत मॅडम? डिस्कमंदी जागा नवती. साळ्याचं लगन होतं, त्याचं शूटिंग टाकलं त्याच्यावर." मग माझा चेहरा पाहून त्याने समजूत घातली, "कचरा आवाज होता तो. मंदी हवा, बाजूच्या वावरातल्या बैलायच्या घंट्या. त्याचं काय काम होतं?"

तो खोटं बोलत असता तर मला बरं वाटलं असतं. लबाड माणसाला निदान ठाऊक असतं की आपण काय लपवतोय. ह्याला खरोखरच काही कळलेलं नव्हतं. ज्या माणसाला दिसेल त्या वस्तूवर हात ठेवायची सवय, त्याच्या हाताला नेमकी हीच वस्तू कधी लागली नव्हती. मी आयुष्यात कोणाला मारलेलं नाही, पोरांनासुद्धा नाही. त्या दिवशी हात शिवशिवला.

पिक्चर कुठे चालला नाही. त्याने तो मोबाईलवर फुकट टाकून दिला आणि बक्षीस विकणाऱ्या कुठल्याशा महोत्सवाची ढाल आणली. मग हैदराबादला तेलुगू वेब सिरीज करायला चाललो म्हणून गावभर निरोप घेत फिरला. जायच्या दिवशी बॅग घेऊन तो आमच्या गल्लीच्या तोंडाशी थांबला. मी मेथी घेत होते. गणपतरावांच्या मांडीवर पोरीने दिलेला मोबाईल होता, त्यावर बांधाचा सीन लावलेला, आवाज पूर्ण बंद. वच्छलाबाईंचे ओठ हलत होते. गणपतराव त्या ओठांकडे बघत होते, आणि ते काहीतरी ऐकत होते यात मला शंका नाही.

"आवाज काऊन बंद हाये बाबा?" प्रोड्युसर वाकला आणि त्याने बोटाने बटण दाबत आवाज पार वरपर्यंत नेला. ती पुण्याची बाई मेथीच्या जुड्यांमधून गल्लीभर बोलू लागली. तो मान तिरकी करून ऐकत राहिला. "पाहा," तो म्हणाला, "कसा क्लिअर येऊन राह्यला."

पाहुण्याने लावलेलं त्याच्या तोंडासमोर बंद करणं गणपतरावांना जमलं नसतं. तो नमस्कार करून बस स्टँडकडे वळला, दिसेनासा झाला, तोवर ते तो आवाज ऐकत बसले. मग त्यांनी आवाज बंद केला, आणि वच्छलाबाईंना पहिल्यापासून पुन्हा बोलू दिलं.