मामा विरुद्ध कैलासवासी जजसाहेब

मेलेल्या माणसाला कोर्टात हजर राहायला लावण्याची खुमखुमी असलेला एकच इसम मी आयुष्यात पाहिला, आणि ते नेमके माझे मामेसासरे निघावेत, हे माझं नशीब. तालुक्याच्या कोर्टात पस्तीस वर्षं शिरस्तेदारी करून निवृत्त झालेले हे गृहस्थ सहा महिन्यांसाठी म्हणून आमच्याकडे ऑस्ट्रेलियात, टूवूंबाला आले. भाचीच्या मायेने आले, असा आमचा गोड गैरसमज होता. पहिल्याच सकाळी चहाची बशी खाली ठेवून म्हणाले, "जावईबापू, कबरस्तानात कधी नेताय?" इथे गाडीशिवाय पान हलत नाही, त्यामुळे तेव्हापासून दर शनिवारी मी त्यांचा ड्रायव्हर आहे.

तिथे एका इंग्रज जजाची कबर आहे. या जजाचं चरित्र मामांना रामरक्षेसारखं पाठ. विलायतेत कुठल्याशा पाद्र्याच्या घरी जन्म, बाविसाव्या वर्षी परीक्षा देऊन हिंदुस्थानात, आधी असिस्टंट कलेक्टर, मग मामांच्या जिल्ह्याचे जज. पुढे छातीच्या दुखण्यापायी पेन्शन घेऊन इथल्या डोंगरावरच्या हवेला आले, मेंढ्या पाळल्या, आणि मरेपर्यंत गावच्या पुष्पप्रदर्शनात गुलाबांना नंबर देत बसले. "गुलाबांचा निकाल मात्र एकेक फूल हातात घेऊन द्यायचा हो लेकाचा!" मामा दातओठ खात सांगतात.

राग उगाच नाही. मामांच्या पणजोबांनी घराच्या आढ्यासाठी स्वतःच्या शेतातला एक साग तोडला. सरकार म्हणालं, झाड जंगलखात्याचं. पणजोबा हात जोडून म्हणत राहिले, साहेब, एकदा येऊन हद्दीचा दगड बघा. साहेब गेले नाहीत. तीन वर्षं सक्तमजुरी दिली, आणि पणजोबा तुरुंगातच वारले. अपील कुणी केलंच नाही. गावात आजही त्या घराला 'सागचोराचं घर' म्हणतात. मामा कोर्टात नोकरीला लागले तेव्हासुद्धा पारावर कुणीतरी म्हणालंच, "वा, चोराचा पणतू दप्तर सांभाळणार!" ते वाक्य मामा अजून विसरलेले नाहीत आणि मरेपर्यंत विसरणार नाहीत.

म्हणून दर शनिवारी, क्वीन्सलँडच्या रणरणत्या उन्हात, हा माणूस काळा कोट चढवून कबरीसमोर उभा राहतो आणि कोर्टाचा शिपाई देतो तसा जजाच्या नावाचा तीनदा पुकारा करतो. खणखणीत. कुत्री फिरवायला आलेले लोक थबकतात. तिसऱ्या पुकाऱ्यानंतर मामा वहीत लिहितात : 'सामनेवाला गैरहजर.' मग विलंबमाफीचा अर्ज वाचतात, कारण अपिलाला सव्वाशे वर्षं उशीर झालाय आणि रीत ती रीत. आमची कन्या मैत्रिणींना फोनवर सांगते, "आजोबा इज फायटिंग विथ दॅट डेड गाय अगेन." एकदा मी चुकून म्हणालो, मामा, सोडा ना आता. तर त्यांनी मला दोन दिवस 'अहो जावई' म्हटलं, बापू गाळून.

मग गावच्या इतिहासमंडळाने जजाच्या नावाचा फलक बागेत लावायचं ठरवलं. 'न्यायी आणि दयाळू.' मामांचं डोकंच फिरलं. महिनाभर लायब्ररीत ठाण मांडून त्यांनी जजाची डायरी उपसली, आणि निकालाच्या दिवसाचं पान सापडलं. दोनच वाक्यं : 'झाड पाहायची गरज नाही. चार वाजता बदकांची शिकार.'

अनावरणाच्या दुपारी हिंदुस्थानातले पाहुणे म्हणून मामांना दोन शब्द बोलायला बोलावलं. तिथे पुकारा करू नका म्हणून मी गाडीत हातापाया पडलो होतो. पण मामांनी माइक हातात घेतला आणि सरळ पुकारा केला. एकदा. दोनदा. तिसऱ्यांदा नाव घेतलं, आणि मागच्या खुर्चीवरून काठी टेकत एक ऐंशीपुढची बाई उठली. "मी त्यांची नात," ती इंग्रजीत म्हणाली. "मी आहे इथे. बोला."

सामनेवाला हजर! मामांना याची सवयच नव्हती. तरी खिशातून अपिलाचा कागद काढून त्यांनी सगळं वाचलं, बदकांसकट. आपल्या मोडक्या इंग्रजीत, मान खाली न घालता. मंडळाचे अध्यक्ष लालबुंद झाले. आजीबाई मात्र एवढंच म्हणाल्या, "ते झाड बघता येईल?"

मामांनी तिथल्या तिथे गावी आपल्या वहिनींना व्हिडिओ कॉल लावला. तिकडे सकाळ होती. वहिनी पदर खोचून, फोन उंच धरून, बांधाबांधाने शेतात गेल्या. तोडलेल्या सागाच्या बुंध्यातून फुटलेलं झाड आता घरापेक्षा उंच झालंय. त्याच्या पलीकडे वीस पावलांवर हद्दीचा दगड. आजीबाईंनी चष्मा बदलला, फोन नाकाशी धरला, वहिनींना पुन्हा दगडापासून झाडापर्यंत चालायला लावलं, आणि म्हणाल्या, "आतच आहे की. अगदी स्पष्ट आतच आहे." फलकावरचा पडदा त्यांनी उघडू दिला नाही.

मी म्हटलं, "मामा, जिंकलात! आता द्या निकाल."

"मी शिरस्तेदार," मामा म्हणाले. "निकाल देणारा मी कोण?" पण वही उघडून त्यांनी 'सामनेवाला हजर' असं लिहिलं आणि खाली आजीबाईंची सही घेतली. फोनवर वहिनी अजून उभ्याच होत्या. विचारत होत्या, भाऊजी, आता काय करू? कोटाच्या बाहीने डोळे पुसत मामा म्हणाले, "काही नको, वहिनी. घरी जा. साहेबांच्या घरचं माणूस झाड बघून गेलं, एवढं गावात सांगा."