कावळा बसायला

बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला तत्त्वज्ञान घेणारे आम्ही दोघेच होतो. नांदेडच्या त्या कॉलेजात सायकल स्टँडमागच्या खोलीत आमचा वर्ग भरायचा. दोन विद्यार्थी, एक सर. मी मुखेडकडचा, शेतकऱ्याच्या घरातला. तो नांदेडचाच. त्याच्या वडिलांचं गाद्या-रजयांचं दुकान होतं, आणि वर्गात येताना त्याच्या केसांत हमखास कापूस असायचा.

सरांची एक शिस्त होती. समोरच्याचं खोडायच्या आधी त्याचं म्हणणं त्याच्यापेक्षा चांगलं मांडून दाखवायचं. तो 'हाव, हेच म्हणतो मी' म्हणाला की मग तुमची पाळी. जुन्यांचा पूर्वपक्ष तो हाच. नैयायिक आणि बौद्ध शेकडो वर्षं असेच भांडले, सर म्हणायचे, आणि भांडता भांडता एकमेकांना धार लावत गेले. मला त्यांनी बौद्धांची बाजू दिली होती, त्याला न्यायदर्शनाची.

नैयायिक म्हणतात, भागांहून वेगळी अशी अख्खी वस्तू खरोखर असते. बौद्ध म्हणतात, नसते. ते आपण दिलेलं नाव. एकदा मी त्याला म्हणालो, "खोळ, कापूस, दोरा. यात चौथी गादी कुठंय, दाखव."

"पंडित," तो म्हणाला. मला तो पंडितच म्हणायचा. "आज घरी कापसाच्या ढिगावर झोप. सकाळी नाकातला कापूस काढत सांग, गादी असते का नसते."

"सर, हे खंडन नाही. ही दादागिरी आहे."

"दादागिरी बी प्रमाणच हाय, सर," तो म्हणाला, आणि सरांनी खडू खाली ठेवला, हसू आवरेना म्हणून.

तास संपला तरी आम्ही उठायचो नाही. चहाच्या गाड्यावर वाद चालू, गोदावरीच्या घाटावर चालू. इतकं मोकळं मी पुन्हा कुणाशी बोललो नाही. पण त्याच्याइतकं चोख मला कधीच जमलं नाही. आमच्यात पुढं प्राध्यापक होण्याच्या लायकीचा तो होता, हे सरांना माहीत होतं आणि मलाही.

त्याच वर्षी अनंत चतुर्दशीनंतरच्या पहाटे भूकंप झाला. सर दम्यामुळं येऊ शकले नाहीत; आम्ही दोघे कॉलेजच्या तुकडीबरोबर किल्लारीच्या अलीकडच्या एका गावात गेलो. पत्र्याची शेडं उभी करायची, याद्या करायच्या, सांगतील ते उचलायचं.

दहाव्या दिवशी नदीकाठी पिंडांची रांग लागली. रांगेत एक माणूस होता. त्याची लग्न झालेली लेक गेली होती. गणपती बोळवून जा म्हणून त्यानंच तिला माहेरी थांबवून घेतलं होतं. शेजारच्या पिंडांना कावळे शिवले. त्याच्याकडं एकही फिरकेना. तो हात जोडून उभा होता.

"रागावली लेक माझी. म्या थांबवलं म्हणून गेली," तो म्हणत होता. "शिवंल कसा?"

मी अन् माझा मित्र त्याच्या मागंच उभे होतो. मला त्याचं दुःख हलकं करायचं होतं, हे खरं. त्याच्या बोलण्यातली तर्काची चूक मला दिसली होती आणि ती दाखवायची खुमखुमी आली होती, हेही खरं. एक गोष्ट आधी घडली म्हणून ती पुढच्या गोष्टीचं कारण ठरत नाही. शास्त्रात याला काकतालीय म्हणतात. मी त्याला साध्या मराठीत सांगितलं, "काका, तुम्ही थांबवलं म्हणून काही झालं नाही. कावळा बसायला अन् फांदी मोडायला एकच गाठ पडली."

त्या दिवशी. त्या जागी.

त्यानं मागं वळून पाहिलं नाही. "कावळा कोन? मी?" एवढंच विचारलं आणि तो वाळूत बसला. शेवटी दर्भाचा कावळा करून पिंडाला शिववला.

दुपारी शेडात गावातले एक जाणते आले. "पोरांपैकी कुनी बोललं म्हनं कावळ्यावरून," ते म्हणाले. कुणी नाव घेतलं नाही, पण सगळ्यांच्या नजरा आपोआप माझ्या मित्राकडं गेल्या. जाणते समजुतीनं म्हणाले, "त्येला आपल्या धर्मातलं ठाव न्हाई. त्येचा काय दोष. पन आता त्येला घरी जाऊ द्या."

त्यानं माझ्याकडं पाहिलं. मी यादीत पाहिलं. तो पिशवी घेऊन फाट्याकडं निघाला.

नांदेडला परतल्यावर सरांनी मला विचारलं, "तो असं बोलणार नाही रे. तू होतास ना तिथं?"

"मी यादी करत होतो, सर."

तो पुन्हा वर्गात आला नाही. सरांनी दोनदा निरोप धाडला. दुकानात माणूस नाही, असं उत्तर आलं. उरलेलं वर्ष सर मला एकट्याला शिकवत राहिले. न्यायाची बाजू तेच घ्यायचे, आणि भराला येऊन बोलता बोलता मधेच थांबायचे.

पुढं लातूरला क्लासेसचं पेव फुटलं, तेव्हा मला तिथं काम मिळालं. स्पर्धा परीक्षांची बुद्धिमत्ता चाचणी. विधान, कारण, परिणाम. चार पर्याय, एक बरोबर. समोर दोनदोनशे पोरं. कुणी वाद घालत नाही, वेळच नसतो.

यंदा सर गेले. सांत्वनाला गेलो तो तिथूनच त्याच्या दुकानात गेलो. तो गादीला टाके घालत होता. दाढी पांढरी झालेली. चहा सांगितला त्यानं. चहा येईपर्यंतही न थांबता मी सांगून टाकलं.

"त्या दिवशी कावळ्याचं मी बोललो होतो."

"मालूम है. बाजूलाच होतो ना मी."

"मग तू सांगितलं का नाहीस?"

"माझं कोण ऐकून राहिलं होतं तिथं?" त्यानं दोरा दातानं तोडला. "तू येशील म्हणून फाट्यावर बसलो. दोन गाड्या सोडल्या मी, पंडित. तिसरी शेवटची होती."

शेडापासून तो फाटा हाकेच्या अंतरावर होता. तिन्ही गाड्यांचा हॉर्न मला ऐकू आला होता.