दत्ताराम पेंटरचं नाक

रंगाचं दुकान चालवलं की डबे खपतात, किस्से मात्र साठत जातात. माझ्या रत्नागिरीतल्या दुकानातले निम्मे किस्से एकट्या दत्ताराम पेंटरचे आहेत. तीस वर्षं थिनरमध्ये काढल्यामुळे त्याच्या नाकाने कधीच रिटायरमेंट घेतलीय!

एकदा दुकानात थिनरचा कॅन फुटला. आम्ही सगळे खोकत रस्त्यावर. दत्ताराम आत स्टुलावर बसून आल्याचा चहा पितोय! वर मलाच विचारतो, "शेट, आज चायमधी आलं नाय काय ओ?"

*

एक बाई आल्या, सातवा महिना. म्हणाल्या, "बाळाच्या खोलीला कमी वासाचा रंग हवा."

दत्ताराम बिथरला. "बाई, वास नाय आला तर रंग लावलाय ह्या कळणार कसा?"

"डोळ्यांनी!"

*

एक गिऱ्हाईक दुबईहून सुट्टीवर आलं होतं. दत्तारामकडून मुलाच्या खोलीच्या दारांना ऑइल पेंट मारून घेतला आणि वासावर उपाय म्हणून अर्धी बाटली अत्तर शिंपडलं! मुलगा शिंकून बेजार.

दत्तारामला घेऊन मी त्यांच्या घरी गेलो. म्हटलं, "अहो, वास झाकला म्हणून वाफ जात नाही. खिडक्या उघडा!"

दत्तारामने खोलीच्या मधोमध उभं राहून छातीभर श्वास घेतला. "खिडक्या कशाला? कायच वास नाय!"

मुलाच्या आईने आधी त्यालाच बाहेर काढलं.

*

मग मे महिन्यात त्याची सहा वर्षांची नात मुंबईहून राहायला यायची ठरली. तिला दमा. "तिला हितं धाप लागली, तर लेक परत पाठवायची नाय तिला," म्हणाला. त्याचा उतरलेला चेहरा मी पहिल्यांदाच पाहिला. वाईट वाटलं.

नातीच्या खोलीसाठी कमी वासाचा रंग त्याने स्वतः मागून नेला. दारं काढून अंगणात रंगवली. तीन आठवडे खिडक्या उघड्या. पण वास गेला हे त्याला कळणार कसं? रोज स्कूटर घेऊन माझ्या दारात. "शेट, जरा नाक आणा!"

मी हुंगून "गेला" म्हटलं, तर विश्वास नाही. "तुमचं नाक दुकानदाराचं. माल खपवणार!"

शेवटी त्याने खोलीच्या कोपऱ्यात एक सुका बोंबील टांगला. परीक्षा साधी: रंगाचा वास पुरता हटला, की बोंबील कळणार. शेजारीपाजारी रोज हुंगून निकाल द्यायचे.

"रंग."

"रंगच."

"रंग... आणि जरासा बोंबील."

आईबरोबर नात आली. खोलीच्या दारातच थांबली आणि नाक मुरडलं. "शीऽऽ आजोबा! इथे मासे ठेवलेत?"

दत्तारामचे डोळे भरून आले. तो लेकीला ओरडला, "आण गो बाय, बॅगा आत आण!"